कॉफीतील कॅफीन आणि वेष्टनावरील माहिती : ग्राहकहिताच्या दृष्टीने एक चिकित्सा

सारांश :

भारतीय अन्नकायद्यात कॉफीतील कॅफीनचा उल्लेख अनेक ठिकाणी आहे. तथापि तो कॉफी पिणाऱ्यासाठी नसून कॉफी तपासणाऱ्यासाठी आहे. कॉफीच्या बाबतीत कायदा कॅफीनची किमान मर्यादा ठरवतो, तर शीतपेयांच्या बाबतीत कमाल मर्यादा ठरवतो. एकच द्रव्य एका ठिकाणी अस्सलपणाचा पुरावा ठरते आणि दुसऱ्या ठिकाणी धोक्याचे कारण ठरते. या दुहेरी दृष्टीमुळे एका कपातून किती कॅफीन पोटात जाते, हा ग्राहकाचा साधा प्रश्न अनुत्तरित राहतो. प्रस्तुत लेखात या मौनाची कारणे, वेष्टनाची भाषा आणि बीडसारख्या ग्रामीण जिल्ह्यातील ग्राहकाच्या दृष्टीने त्याचे परिणाम यांची चिकित्सा केली आहे.

बीजसंज्ञा : कॅफीन, कॉफी, चिकोरी, वेष्टन, ग्राहकाचा माहितीचा हक्क, मराठी भाषा.

प्रास्ताविक :

बीड जिल्हा हा चहाचा प्रदेश आहे. येथे पाहुण्याला पाण्याच्या तांब्यापाठोपाठ चहा दिला जातो आणि व्यवहाराची बोलणीही चहावरच होतात. महाराष्ट्रात चिखलदऱ्याची लहानशी लागवड सोडल्यास कॉफीचे पीक नाही. देशातील बहुतांश कॉफी कर्नाटक, केरळ व तामिळनाडू या राज्यांतून येते. तरीही गेल्या काही दशकांत झटपट कॉफीच्या छोट्या पुड्या गावोगावच्या किराणा दुकानांत पोहोचल्या. स्पर्धा परीक्षांची तयारी करणारे विद्यार्थी, रात्रपाळीचे कर्मचारी, लांब पल्ल्याचे वाहनचालक यांच्यासाठी कॉफी ही हौसेची वस्तू न राहता जागरणाचे साधन बनली. कॉफी जेव्हा चवीसाठी न घेता परिणामासाठी घेतली जाते, तेव्हा तो परिणाम घडवणाऱ्या द्रव्याचे प्रमाण जाणून घेणे अगत्याचे ठरते.

ते द्रव्य म्हणजे कॅफीन. जर्मन रसायनशास्त्रज्ञ फ्रीडलीप रुंगे यांनी १८१९ मध्ये ते कॉफीच्या बियांतून वेगळे केले. मेंदूत थकव्याची व झोपेची जाणीव निर्माण करण्यात ॲडिनोसिन या द्रव्याचा वाटा असतो. कॅफीन त्याचा मार्ग अडवते. निरोगी प्रौढाच्या शरीरातून घेतलेल्या कॅफीनपैकी निम्मा भाग बाहेर पडण्यास सरासरी सुमारे ५ तास लागतात. व्यक्तिपरत्वे यात बराच फरक पडतो आणि गर्भारपणात हा काळ पुष्कळ वाढतो. म्हणजेच रात्री ९ वाजता घेतलेल्या कॉफीतील सुमारे निम्मे कॅफीन पहाटे २ वाजताही शरीरात असते. अभ्यासिकेतून परतल्यावर झोप न लागण्याचे एक कारण त्या कपात असू शकते; परंतु पुडीवरून ते कळण्याची सोय नाही.

अभ्यासाची उद्दिष्टे :

१) कॉफीतील कॅफीनविषयी भारतीय अन्नकायद्याची भूमिका तपासणे.
२) वेष्टनावरील भाषा ग्राहकाला कोणता अर्थ पोहोचवते याचे विश्लेषण करणे.
३) ग्रामीण मराठी ग्राहकाच्या दृष्टीने उपयुक्त माहितीचे स्वरूप सुचवणे.

प्रस्तुत लेखासाठी वर्णनात्मक व विश्लेषणात्मक पद्धतीचा अवलंब केला असून अन्नविषयक कायदे, नियमावल्या आणि आरोग्य संस्थांची मार्गदर्शक तत्त्वे ही दुय्यम साधने आधारभूत मानली आहेत.

कायद्याच्या नजरेतील कॅफीन :

अन्न भेसळ प्रतिबंधक अधिनियम १९५४ आणि त्याखालील १९५५ चे नियम हे स्वतंत्र भारतातील अन्नविषयक नियंत्रणाचा प्रदीर्घ काळ कणा होते. ५ ऑगस्ट २०११ पासून त्यांची जागा अन्न सुरक्षा व मानके अधिनियम २००६ आणि त्याखालील नियमावल्यांनी घेतली. व्यवस्था बदलली तरी कॉफीविषयीची मूळ दृष्टी मात्र कायम राहिली. भाजून दळलेल्या कॉफीत कोरड्या वजनाच्या किमान १ टक्का, शुद्ध झटपट कॉफीत किमान २.८ टक्के, कॉफी-चिकोरी मिश्रणात किमान ०.६ टक्के आणि झटपट कॉफी-चिकोरी मिश्रणात किमान १.४ टक्के कॅफीन असावे, असे मानक आहे. कॉफी-चिकोरी मिश्रणात कॉफीचे प्रमाण ५१ टक्क्यांपेक्षा कमी असू नये आणि दोहोंची टक्केवारी वेष्टनावर छापावी, असेही बंधन आहे.

हे सर्व आकडे 'किमान' आहेत, ही बाब लक्षणीय आहे. कॉफीच्या भुकटीत भाजलेले चिंचोके, खजुराच्या बिया किंवा मर्यादेबाहेर चिकोरी मिसळून नफा कमावण्याचा प्रकार जुना आहे. या पदार्थांत कॅफीन नसते. त्यामुळे भेसळ वाढली की कॅफीनचे प्रमाण घटते. प्रयोगशाळेतील तपासनीसाच्या दृष्टीने कॅफीन हा अस्सलपणाचा साक्षीदार आहे. भेसळ रोखणे हा कायद्याचा हेतू असल्याने ही रचना त्या काळात योग्यच होती. मात्र त्यातून एक विलक्षण परिणाम घडला. कॅफीनचा आकडा कारखानदाराला माहीत असतो, प्रयोगशाळेला माहीत असतो, अन्न सुरक्षा अधिकाऱ्याला मागता येतो. परंतु ज्याच्या शरीरात ते कॅफीन जाणार आहे, त्याला तो सांगण्याची सक्ती कायदा करत नाही.

शीतपेयांकडे वळताच हीच दृष्टी पालटते. कार्बोनेटेड पेयांत कॅफीन प्रतिलिटर १४५ मिलिग्रॅमपेक्षा अधिक असू नये, असे बंधन आहे. ज्या पेयात कॅफीन बाहेरून मिसळले जाते त्यावर 'कॅफीन आहे' अशा आशयाची सूचना आवश्यक असते. प्रतिलिटर १४५ ते ३०० मिलिग्रॅम कॅफीन असलेल्या पेयांसाठी कॅफीनयुक्त पेय असा स्वतंत्र वर्ग करण्यात आला असून त्यांच्या वेष्टनावर कॅफीनचे प्रमाण अधिक असल्याची आणि ते लहान मुले, गरोदर व स्तनदा माता यांच्यासाठी योग्य नसल्याची सूचना द्यावी लागते. थोडक्यात, कॅफीन बाहेरून मिसळले तर ते सांगावे लागते. वनस्पतीतूनच आले तर सांगावे लागत नाही. शरीराला मात्र हा भेद ठाऊक नसतो.

आकड्यांची तुलना :

भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद आणि हैदराबाद येथील राष्ट्रीय पोषण संस्था यांनी मे २०२४ मध्ये भारतीयांसाठी सुधारित आहारविषयक मार्गदर्शक तत्त्वे प्रसिद्ध केली. त्यांनुसार १५० मिलिलिटरच्या एका कपात, उकळून अथवा गाळून केलेल्या कॉफीत ८० ते १२० मिलिग्रॅम, झटपट कॉफीत ५० ते ६५ मिलिग्रॅम आणि चहात ३० ते ६५ मिलिग्रॅम कॅफीन असते. दिवसभरात ३०० मिलिग्रॅमची मर्यादा ओलांडू नये, असा सल्लाही त्यांत आहे.

हे आकडे प्रतिलिटर मांडले असता वेगळेच चित्र दिसते. गाळून केलेल्या कॉफीत प्रतिलिटर सुमारे ५३३ ते ८००, झटपट कॉफीत सुमारे ३३३ ते ४३३ आणि चहात २०० ते ४३३ मिलिग्रॅम कॅफीन भरते. ज्या पेयावर कायदा धोक्याची सूचना छापायला लावतो त्याची कमाल मर्यादा ३०० मिलिग्रॅम आहे. म्हणजे सूचना नसलेली कॉफी ही सूचना असलेल्या पेयापेक्षा अधिक तीव्र आहे.

जुलै २०२४ मध्ये विधान परिषदेत तत्कालीन अन्न व औषध प्रशासन मंत्री धर्मरावबाबा आत्राम यांनी शाळांपासून ५०० मीटरच्या परिसरात अधिक कॅफीन असलेल्या ऊर्जापेयांच्या विक्रीवर बंदी आणण्याची घोषणा केली. मुलांच्या आरोग्याची चिंता त्यामागे होती आणि ती रास्तच आहे. थंड, गोड पेय मुले घटाघटा पितात. गरम कॉफीचे तसे होत नाही, हा फरकही मान्य करावा लागेल. परंतु त्या वेळच्या काही बातम्यांत कॅफीनची मर्यादा प्रतिलिटर १४५ ते ३०० 'मिलिलिटर' अशी छापली गेली. मिलिग्रॅम आणि मिलिलिटर यांतील हा गोंधळ क्षुल्लक वाटला तरी बोलका आहे. कॅफीन हे वजनाने मोजायचे द्रव्य आहे, ही प्राथमिक जाणीवही सार्वजनिक चर्चेत रुजलेली नाही. दक्षिण कोरियाने सप्टेंबर २०१८ पासून शाळांतून कॉफीच्याच विक्रीला बंदी केली, हे येथे तुलनेसाठी नोंदवता येईल. त्या धोरणाशी सहमत असण्याची गरज नाही. मात्र तेथे द्रव्य पाहिले गेले, पेयाचे नाव पाहिले गेले नाही.

नावावरून सूट देण्याची प्रवृत्ती केवळ भारतात आहे असे नाही. युरोपीय संघाच्या २०११ च्या अन्नमाहिती नियमानुसार प्रतिलिटर १५० मिलिग्रॅमपेक्षा अधिक कॅफीन असलेल्या पेयावर सूचना व प्रमाण छापावे लागते. परंतु ज्या पेयाच्या नावातच 'कॉफी' किंवा 'चहा' हा शब्द आहे त्याला यातून वगळले आहे. कॉफीत कॅफीन असते हे सर्वांना माहीत आहे, असा त्यामागचा तर्क आहे. तो अर्धाच खरा आहे. कॉफीत कॅफीन 'असते' हे माहीत असणे वेगळे आणि ते 'किती' असते हे माहीत असणे वेगळे.

'कडक', 'शुद्ध' आणि 'उच्च' :

वेष्टन हा देखील एक मजकूर आहे आणि कोणत्याही मजकुराप्रमाणे त्याचीही समीक्षा करता येते. कॉफीच्या जाहिरातीत व वेष्टनावर वारंवार येणाऱ्या विशेषणांचा ग्राहकाच्या समजुतीवर काय परिणाम होतो, हे पाहणे उद्बोधक ठरेल.

पहिले विशेषण 'कडक' अथवा 'स्ट्राँग'. मराठी माणसाच्या तोंडी 'कडक चहा' ही स्तुती आहे. रंग गडद, चव तीव्र, वास दरवळणारा म्हणजे पेय कडक, अशी धारणा असते. परंतु चिकोरीच्या भाजलेल्या मुळाने पेयाचा रंग गडद होतो, चव कडवट होते आणि दाटपणा येतो. त्यात कॅफीन मात्र मुळीच नसते. उलट, फिकट भाजलेली रोबस्टा कॉफी तितकी गडद दिसत नसली तरी तिच्यात अरेबिकाच्या जवळपास दुप्पट कॅफीन असते. अरेबिका बियांत ते साधारण १.२ टक्के, तर रोबस्टात सुमारे २.२ टक्के आढळते. भारतातील कॉफी उत्पादनात रोबस्टाचा वाटा सुमारे ७० टक्के आहे. रंग आणि चव यांवरून कॅफीनचा अंदाज बांधणारा ग्राहक फसण्याचीच शक्यता अधिक असते.

दुसरे विशेषण 'शुद्ध'. मराठीत शुद्ध म्हणजे निर्मळ, निर्दोष, म्हणूनच निर्धोक असा अर्थप्रवाह आहे. चिकोरीयुक्त कॉफी घेणाऱ्यास आपण काहीतरी कमअस्सल पीत आहोत असे वाटते आणि शुद्ध कॉफी आरोग्यदायी वाटते. कायद्यातील किमान मर्यादाच घेतल्या तर शुद्ध झटपट कॉफीच्या २ ग्रॅम भुकटीत किमान ५६ मिलिग्रॅम आणि चिकोरीयुक्त झटपट कॉफीच्या तेवढ्याच भुकटीत किमान २८ मिलिग्रॅम कॅफीन येते. शेजारी शेजारी लटकणाऱ्या दोन पुड्यांत असा दुपटीचा फरक असू शकतो. तो फरक शोधायचा तर ग्राहकाने चिकोरीची टक्केवारी वाचून, कायद्यातील मानक आठवून, भुकटीच्या वजनाने गुणाकार करावा, अशी अपेक्षा धरावी लागेल. चिकोरीची टक्केवारी हा अप्रत्यक्ष पुरावा आहे. ते उत्तर नव्हे.

तिसरे विशेषण 'उच्च'. इंग्रजी सूचनेचे शब्दशः भाषांतर करून 'उच्च कॅफीन' असे लिहिले गेल्यास मराठी वाचकाच्या मनात 'उच्च प्रतीचे', 'उच्च दर्जाचे' हे शब्दसमूह जागे होतात. जी सूचना सावध करण्यासाठी आहे तीच शिफारस वाटू लागते. 'कॅफीनचे प्रमाण जास्त आहे' हे साधे वाक्य येथे अधिक उपयोगी पडेल. भाषांतराचा प्रश्न हा केवळ साहित्याच्या अभ्यासकांचा प्रश्न नाही. तो आरोग्याचाही प्रश्न आहे, हे यावरून स्पष्ट होते.

ग्रामीण ग्राहक आणि छोटी पुडी :

वेष्टनावरील अनिवार्य माहिती इंग्रजीत अथवा देवनागरी लिपीतील हिंदीत द्यावी, अन्य भाषेचा वापर त्याखेरीज करता येईल, अशी नियमावलीची तरतूद आहे. म्हणजे मराठी ऐच्छिक आहे. ज्या अंबाजोगाईशी 'विवेकसिंधु'कर्ते आद्यकवी मुकुंदराज यांचे नाव जोडले जाते, तेथील किराणा दुकानात मराठीत एक अक्षरही नसलेली पुडी कायदेशीर ठरते. २०११ च्या जनगणनेनुसार बीड जिल्ह्याची लोकसंख्या सुमारे २५.८५ लाख असून पाचपैकी चार व्यक्ती ग्रामीण भागात राहतात. या ग्राहकासाठी माहितीचा हक्क भाषेच्या उंबरठ्यावरच अडतो.

दुसरा अडथळा आकाराचा आहे. ज्या वेष्टनाचे पृष्ठफळ १०० चौरस सेंटिमीटरपेक्षा अधिक नाही, त्याला घटकपदार्थांची यादी, पोषणविषयक माहिती आणि वापराच्या सूचना छापण्यातून सूट आहे. ती माहिती अनेक पुड्यांच्या एकत्रित वेष्टनावर दिली तरी चालते. लहान पुडीवर जागा कमी असते, हे व्यावहारिक कारण समजण्यासारखे आहे. परंतु एकत्रित वेष्टन दुकानदाराच्या हाती पडते. ग्राहकाच्या हाती सुटी पुडी येते. काचेची मोठी बाटली घेणाऱ्या शहरी मध्यमवर्गीयाला अधिक माहिती मिळते, तर रोजच्या मिळकतीतून एक पुडी घेणाऱ्या मजुराला कमी मिळते. भविष्यात कॅफीनचे प्रमाण छापणे बंधनकारक झाले तरी ही सूट कायम राहिल्यास त्याचा लाभ ज्याला सर्वाधिक गरज आहे त्याच्यापर्यंत पोहोचणार नाही.

ही गरज काल्पनिक नाही. दरवर्षी बीड जिल्ह्यातून मोठ्या संख्येने ऊसतोड कामगार पश्चिम महाराष्ट्रात व कर्नाटकात जातात. पहाटेपूर्वी सुरू होणाऱ्या या कष्टात चहा हाच आधार असतो आणि या कामगारांत गरोदर स्त्रियाही असतात. जागतिक आरोग्य संघटनेने २०१६ मध्ये गरोदर स्त्रियांच्या काळजीविषयी केलेल्या शिफारशींत, दिवसाला ३०० मिलिग्रॅमपेक्षा अधिक कॅफीन घेणाऱ्या गरोदर स्त्रियांनी ते कमी करावे, असे म्हटले आहे. गर्भपात आणि बाळाचे कमी वजन यांची जोखीम घटवणे हा त्यामागील हेतू आहे. युरोपीय अन्न सुरक्षा प्राधिकरणाने २०१५ मध्ये गर्भारपणासाठी २०० मिलिग्रॅमची मर्यादा सुचवली. याशिवाय चहा-कॉफीतील टॅनिनमुळे लोहाचे शोषण कमी होते, म्हणून जेवणाच्या किमान एक तास आधी व नंतर ही पेये टाळावीत, असे राष्ट्रीय पोषण संस्थेने सुचवले आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणी (२०१९-२१) नुसार महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयोगटातील ५४.२ टक्के स्त्रिया रक्तक्षयग्रस्त आहेत. रक्तक्षयाची कारणे अनेक व खोल आहेत, त्याचा दोष चहा-कॉफीवर टाकणे अन्यायाचे होईल. तथापि ज्या समाजात ही स्थिती आहे तेथे हा साधा सल्ला पुडीवर नसावा, हे खटकते.

आक्षेपांचा विचार :

कॅफीनचे प्रमाण छापण्याविरुद्ध प्रामुख्याने तीन आक्षेप घेता येतात. पहिला असा की, बियांची जात, भाजणी, दळण आणि करण्याची रीत यांनुसार प्रमाण बदलते. म्हणून निश्चित आकडा देता येत नाही. गाळून केलेल्या कॉफीबाबत यात तथ्य आहे. परंतु झटपट कॉफी हे कारखान्यात तयार होणारे उत्पादन असून किमान २.८ टक्क्यांचे मानक पाळण्यासाठी त्यातील कॅफीन मोजावेच लागते. मोजलेला आकडा 'सुमारे' या शब्दासह छापण्यात तांत्रिक अडचण दिसत नाही. दळलेल्या कॉफीसाठी प्रतिग्रॅम प्रमाण अथवा किमान-कमाल पल्ला देता येईल.

दुसरा आक्षेप असा की, त्यामुळे विनाकारण भीती पसरेल. युरोपीय अन्न सुरक्षा प्राधिकरणाच्या मते निरोगी प्रौढाला, गर्भारपणाचा काळ वगळता, दिवसभरात ४०० मिलिग्रॅमपर्यंतचे कॅफीन चिंतेचे नसते. म्हणजे मर्यादित कॉफी बहुतेकांना अपायकारक नाही. येथे इशारा आणि माहिती यांतील भेद लक्षात घेतला पाहिजे. साखरेच्या पाकिटावर वजन छापले म्हणून कोणी भयभीत होत नाही. आजवरच्या नियमांनी इशाऱ्याचा विचार केला, माहितीचा केला नाही. खरा दोष येथे आहे.

तिसरा आक्षेप, वेष्टन कोणी वाचतच नाही, हा आहे. परंतु जे वाचण्याजोग्या भाषेत आणि वाचण्याजोग्या अक्षरात लिहिलेलेच नाही, ते लोक वाचत नाहीत असा निष्कर्ष काढणे तर्कदुष्ट आहे.

ग्राहक संरक्षण अधिनियम १९८६ आणि त्याची जागा घेणारा २०१९ चा अधिनियम या दोहोंनी ग्राहकाच्या हक्कांत वस्तूची गुणवत्ता, प्रमाण, शुद्धता, दर्जा आणि किंमत यांबरोबर 'पोटेन्सी', म्हणजे प्रभावक्षमता, जाणून घेण्याचा हक्क समाविष्ट केला आहे. कॉफीच्या बाबतीत प्रभावक्षमता म्हणजे प्रामुख्याने कॅफीनच होय. पुडीवर किंमत असते, वजन असते, चिकोरीची टक्केवारी असते. प्रभावक्षमता तेवढी नसते. ग्राहक कायद्याने दिलेला शब्द अन्नकायद्याच्या नियमावलीपर्यंत पोहोचलेला नाही, असेच म्हणावे लागेल.

निष्कर्ष :

१) भारतीय अन्नकायदा कॉफीतील कॅफीनकडे अस्सलपणाचा निकष म्हणून पाहतो, मात्रा म्हणून पाहत नाही. त्यामुळे आकडा अस्तित्वात असूनही तो ग्राहकापर्यंत पोहोचत नाही.
२) कॅफीन मिसळलेले आणि नैसर्गिक असा भेद करून सूचना ठरवल्याने अधिक तीव्र पेय सूचनेविना आणि तुलनेने सौम्य पेय सूचनेसह विकले जाते.
३) 'कडक', 'शुद्ध', 'उच्च' ही विशेषणे कॅफीनविषयी दिशाभूल करणारी ठरू शकतात.
४) भाषेची ऐच्छिकता आणि लहान वेष्टनाला असलेली सूट यांमुळे ग्रामीण व अल्प उत्पन्न गटातील ग्राहक माहितीपासून दुहेरी वंचित राहतो.

समारोप :

कायद्यातील मोठ्या फेरबदलाची वाट न पाहताही काही गोष्टी साधता येतील. उत्पादकांनी एका पुडीतील कॅफीन मिलिग्रॅममध्ये स्वेच्छेने छापावे. महाराष्ट्रात विकल्या जाणाऱ्या पुडीवर 'या पुडीच्या एका कपात सुमारे ५५ मिलिग्रॅम कॅफीन आहे. दिवसभरात चहा-कॉफी मिळून ३०० मिलिग्रॅमच्या आत राहावे' एवढे मराठी वाक्य पुरेसे आहे आणि ते सर्वांत लहान पुडीवरही मावते. महाविद्यालयांतील गृहविज्ञान, रसायनशास्त्र, वाणिज्य आणि मराठी या विभागांना २४ डिसेंबरच्या राष्ट्रीय ग्राहक दिनानिमित्त वेष्टनवाचनाचा संयुक्त उपक्रम घेता येईल. चार कप चहा आणि दोन कप झटपट कॉफी घेणाऱ्या विद्यार्थ्याच्या शरीरात दिवसाकाठी २२० ते ३९० मिलिग्रॅम कॅफीन जाते, हा हिशेब त्याला स्वतः मांडता आला पाहिजे. कॉफी प्यावी की पिऊ नये, हा निर्णय ज्याचा त्याने घ्यावयाचा आहे. तो निर्णय घेण्यासाठी लागणारा आकडा त्याच्या हातातील पुडीवर, त्याच्या भाषेत असावा, एवढीच येथे अपेक्षा आहे.